फळांचा गेम आणि दस्तगीरचाचा

गिऱ्हाईक दुकानात आलं की आधी फोन पुढं करत नाही, आधी शपथ घेतं. "अक्का, मी कायबी केलं न्हाय. आपोआप झालं." फोनमध्ये आपोआप काही होत नाही. कुणाचं तरी बोट लागलेलं असतं, आणि बहुतेक वेळा ते शपथ घेणाऱ्याचंच असतं. मी तोंडावर सांगायची, "असू द्या, बोटं सगळ्यांनाच आहेत." मग माणूस हसायचा आणि खरं बोलायला लागायचा. निम्मी दुरुस्ती तिथंच व्हायची.

मी महादेवी, माहेरची मंद्रूपची. अशोक चौकाच्या मागच्या गल्लीत आमचं दुकान होतं. मालक, म्हणजे माझे यजमान, रेडिओ आणि टेप दुरुस्त करायचे. डाग कसा द्यायचा, म्हणजे तारा सोल्डरनं कशा जोडायच्या, ते त्यांनीच मला शिकवलं. मोबाईल आले तेव्हा ते म्हणाले, "हे काय यंत्र आहे व्हय, साबणाची वडी!" त्यांनी हात लावला नाही, म्हणून मी लावला. ते गेल्यावर दुकान माझ्या एकटीच्या नावावर आलं, आणि हळूहळू पेठेतल्या बायका माझ्याकडेच यायला लागल्या. फोनमध्ये बाईचं सगळं घर असतं, ते परक्या पुरुषाच्या हातात कोण देईल? गेल्या वर्षी डोळ्यांनी दगा दिला, स्क्रू दिसेनासे झाले आणि मी शटर ओढलं. तुटलेल्या काचा आणि भिजलेले फोन मी ढिगानं पाहिले, त्यांचं मला काही वाटत नाही. मनात घर करून बसलंय ते एक असं काम, ज्याला स्क्रूही लागला नव्हता.

आधी त्या कामाची भानगड काय असते ते सांगते, म्हणजे पुढचं कळेल.

हल्लीच्या फोनमध्ये खेळणाऱ्या पोरांसाठी एक सोय आधीच घालून दिलेली असते. गेम उघडला की ती जागी होते. खेळणाऱ्याला कुणी त्रास देऊ नये म्हणून आलेला फोन वाजू देत नाही, मेसेज दाखवत नाही, उजेड कमीजास्त होऊ देत नाही. पडद्याच्या कडेला एक बारीक पट्टी चिकटलेली असते. तिला बोट लागलं की आतून एक काळं कपाट सरकत बाहेर येतं, त्यात आकडे, मीटर, नाना बटणं. प्रत्येक कंपनी या सोयीला वेगळं नाव देते आणि सेटिंगमध्ये वेगळ्या बिळात लपवते. आम्ही सगळ्याला मिळून गेम मोड म्हणायचो. पोरांना ते लाडकं असतं. पण फोन फक्त पोरं वापरतात असं थोडंच आहे?

चिंचोळी एमआयडीसीतली एक बाई आली होती. कारखान्यातल्या पाळीला निघताना वेळ जावा म्हणून बसमध्ये सापशिडी खेळायची, आणि सुपरवायझरचे फोन तिला लागायचेच नाहीत. बोलणी खाऊन खाऊन बिचारी रडकुंडीला आली होती. आमच्या मंद्रूपचा एक गडी बाजारादिवशी फोन रुमालात गुंडाळून घेऊन आला. म्हणाला, "अक्का, आत कोण तर बसलंय. कडंला बोट लागलं की दार उघडून बघतंय." मी पट्टी बंद करून दिली. "गेलं व्हय?" असं त्यानं दोनदा विचारलं आणि रुमालात पुन्हा नीट बांधून नेला. अशा कामाचे मी पैसे घेत नसे. सेटिंगमध्ये जायचं, गेमचं नाव शोधायचं, कॉल अडवायचं बटण बंद करायचं, कडेची पट्टी काढून टाकायची. पाणी प्यायला लागतो तेवढाच वेळ. कधीमधी फोन नव्यानं अपडेट झाला की हे सगळं भूत परत मानगुटीवर बसतं, तेव्हा परत या म्हणून सांगायचं.

नरसय्यामामा आणि शबाना माझ्याकडे आले ते असंच पाणी पिण्याएवढ्या वेळाचं काम घेऊन.

नरसय्यामामा आमच्या गल्लीतलेच. घरात तेलुगू, बाहेर मराठी. जन्म गेला पॉवरलूमवर टॉवेल विणण्यात. त्या कारखान्यात शेजारी उभं राहून ओरडलं तरी कळत नाही एवढा खडखडाट असतो. मामांचे कान त्यातच गेले. कानाला यंत्र लावूनही फारसं ऐकू येत नव्हतं, म्हणून ते माणसाच्या ओठांकडे बघायचे. त्यांच्याशी बोलताना पान खायचं नाही आणि मान खाली घालायची नाही, एवढं पथ्य पाळलं की गाडी सुरळीत चालायची. शबाना ही दस्तगीरचाचांची सून, शहराबाहेर कुंभारीला कामगारांच्या घरकुलात राहणारी, विड्या वळणारी. दस्तगीरचाचा आणि मामा एकाच कारखान्यात शेजारशेजारच्या मागांवर उभे राहिले ते थेट कारखाना बंद पडेपर्यंत.

एकाची तेलुगू, दुसऱ्याची दखनी उर्दू. पण त्या दोघांची खरी भाषा हातांची. मागावरच्या माणसांना ती यावीच लागते. धागा तुटला, कांडीवरचं सूत संपलं, मालक आला, चहा सांग, हे सगळं हातानं. एवढी वर्षं उभं राहिल्यावर त्या हातांना कामापुरतं थांबता येतं का? मुलीचं लग्न, बायकोचं आजारपण, शिव्या, चेष्टा, सगळं त्यांनी हातानंच बोलून घेतलं होतं. मामा मला म्हणायचे, "अक्का, घरात मी बहिरा हाय. दस्तगीरपुढं न्हाय."

चाचांना लकवा झाला. डावी बाजू गेली, बोलणं गेलं, म्हणजे तोंडातून आवाज यायचा पण शब्द व्हायचा नाही. उजवा हात तेवढा शाबूत राहिला. मामांचे गुडघे असे की रिक्षात चढायला दोन माणसं लागावीत. मग शबानानं तोड काढली. रोज दुपारी, पूर्वी पाळी सुटायची त्या वेळेला, मामांनी व्हिडिओ कॉल लावायचा. ती फोन डब्याला टेकवून चाचांसमोर उभा करायची आणि विड्यांचं सूप घेऊन बाजूला बसायची. एकाचे दोन हात, दुसऱ्याचा एक. तेवढ्यावर दोघांचं अर्धा-पाऊण तास चालायचं.

आणि एक दिवस ते लागेना. मामांकडे रिंग वाजायची, कुंभारीला कुणी उचलायचं नाही. शबाना चाचांची औषधं घ्यायला शहरात आली होती, ती मामांना घेऊन माझ्याकडे आली. फोन बघितला आणि माझ्या ध्यानात आलं. शबाना विरंगुळा म्हणून रंगीत फळं जुळवायचा गेम खेळायची. तो उघडा असला की फोन मुका व्हायचा.

मी तिला सगळं बैजवार समजावलं. मला तशी खोडच आहे, नुसतं बटण दाबून देणं मला जमत नाही. म्हटलं, "हे बघ, हा गेम उघडा असंल तोवर आलेला कॉल वाजत न्हाय. कट बी होत न्हाय. पलीकडच्याला वाटतं रिंग जातीय, आणि इकडं तुला पत्ता न्हाय. हे बटण बंद असलं की झालं." तिनं दोनदा करून बघितलं. चांगली हुशार पोरगी. मामांनी तिथंच माझ्या दुकानातून कॉल लावून खात्री केली आणि जाताना माझ्या डोक्यावर हात ठेवला.

काही आठवडे बरे गेले. मग मामा परत आले. "लागत न्हाय." मी शबानाला फोन केला. तिला म्हटलं, अपडेट झालं असेल, बघ बरं. ती म्हणाली, बघते अक्का. चार दिवस बरं, परत तेच. तिसऱ्यांदा मामा आले ते तापलेले.

"तुमचं काम कच्चं हाय, अक्का."

असं मला कुणी म्हणत नसे. राग आला, अगदी कानशिलं तापली. आमच्या मालकांना म्हटलं असतं तर त्यांनी हसून सोडून दिलं असतं, मी कसली सोडते? दुपारी शटर ओढलं आणि कुंभारीची गाडी धरली.

शबानाच्या घराचं दार उघडंच होतं. पुढच्या खोलीत चाचा कॉटवर, भिंतीला उशी लावून बसवलेले. शबाना खाली बसून पानं कातरत होती. आणि कोनाड्यात फोन उभा होता. त्यावर तो फळांचा गेम चालू होता. केळी, सफरचंदं, द्राक्षं हलत होती, मधूनच चमकत होती आणि कुणी खेळत नव्हतं.

मी उभीच राहिले. तेवढ्यात पडद्याच्या वरच्या कडेला एक बारीक खूण आली, आवाज नाही, थरथर नाही. कॉल येत होता. शबानानं मान वर करून ती बघितली, मग मला बघितलं आणि तिच्या हातातली कात्री थांबली. फळं आपली हलत राहिली. थोड्या वेळानं खूण गेली.

मी म्हटलं, "शबाना, हे काय?"

"अक्का, मी न्हाय. अब्बांनी सांगितलं."

"त्यांनी? आणि तू ऐकलंस? तो म्हातारा तिकडं..."

"मग काय करू सांगा की. फोन बंद ठेवला तर नरसय्याचाचा घाबरून हितं येतील, त्या गुडघ्यांनी. कट केला तर त्यास्नी कळतंय कट केला म्हणून, वाईट वाटंल. असं केलं की त्यास्नी वाटतंय फोन खराब हाय. फोनवर राग काढतील, आमच्यावर न्हाय."

माझी शिकवणी तिनं अशी वापरली होती. रागवायचं कुणावर तेच मला कळेना.

चाचा माझ्याकडे बघत होते. त्यांनी उजवा हात उचलला. तो हात जेमतेम छातीपर्यंत आला आणि बोटं आपली आपण वळायला लागली, जणू ती दुसऱ्याच कुणाची होती. थोड्या दिवसांपूर्वी दुसरा झटका येऊन गेला होता, हलका, मामांना कुणी कळवलाही नव्हता. डॉक्टरांना तो हलका वाटला. उरलेला हात त्यातच गेला. चाचांनी हात खाली टाकला आणि घशातून बोलले. मला काही कळलं नाही. शबानाला सवयीनं कळायचं, तिनं सांगितलं.

"म्हणत्यात, हात झूट बोलतंय."

मग तिनं सगळं सांगितलं. एक दिवस कॉलवर चाचांना सांगायचं होतं की आता मला गिळायला त्रास होतो, जेवण जात नाही. हात वाकडा गेला. त्या खुणेचा अर्थ झाला भलताच, कारखान्यात मालकाच्या मागं करायचे ती कसली तरी चावट खूण. मामा पलीकडं पोट धरून हसले. चाचांनी पुन्हा केली, पुन्हा तीच झाली. मामा आणखी हसले आणि तीच खूण त्यांनीही करून दाखवली. त्या दिवशी फोन ठेवल्यावर चाचा तोंड भिंतीकडे करून पडून राहिले. दुसऱ्या दिवशी कॉलच्या वेळेला शबानानं फोन उचलला तर ते मान हलवायला लागले. नक्को. नक्को. एवढा एकच शब्द कुणालाही कळेल असा यायचा.

मी कॉटच्या कडेला बसले. एवढी यंत्रं उघडली, पण या दुखण्याला मी कुठं स्क्रू लावणार होते?  शेवटी धंद्यातलंच सुचलं. मी म्हटलं, "चाचा, नरसय्यामामा तुमाला दिसावेत, पण तुमी त्यास्नी दिसू नये असं करता येतं. आपल्या बाजूचा कॅमेरा बंद ठेवायचा. त्यांच्याकडं नुसता अंधार दिसतो. तुमी बघा फक्त. हात उचलायचं कारण न्हाय."

 चाचांनी डोळे मिटले आणि उघडले. शबाना म्हणाली, हा म्हणाले.

मी गेम बंद केला. गेम मोडची सगळी बटणं बंद केली, कडेची पट्टी उपटून टाकली. मग शबानाला विचारलं, "गेम पण काढू?" ती म्हणाली, "काढा. मला आता ती फळं बघवत न्हाईत." काढून टाकला.

मामांना मी दुसऱ्या दिवशी दुकानात बोलावून खरं सांगितलं. ओठ नीट हलवून, सावकाश. काम कच्चं नव्हतं हेही सांगणार होते, पण ते तोंडातच राहिलं. ते ऐकून, म्हणजे बघून, मामा स्टुलावर बसले.

"मी हसलो होतो व्हय?"

"तुमाला काय माहीत, मामा."

"मला वाटलं मस्करी करालाय. लकवा झाल्यापास्नं पहिल्यांदा मस्करी केली म्हणून मी खूष झालो, अक्का. घरी सांगितलं सगळ्यांना, दस्तगीर बरा व्हायलाय म्हणून."

 मी चहा मागवला. तो त्यांनी घेतला नाही.

त्या दिवसापासून मामा रोज अंधाराशी बोलायला लागले. कधी घरून, तर कधी माझ्या दुकानात येऊन, कारण घरातली माणसं हसायची. काउंटरवर सोल्डरच्या डब्याला फोन टेकवायचे, समोर काळा चौकोन, आणि हे आपले हात हलवतायत. सुरुवातीला काय बोलायचे ते मला कळत नसे. मग थोडं थोडं कळायला लागलं. गल्लीत कोण मेलं, कुणाच्या पोरीला मुलगा झाला, कारखान्याच्या जागेवर आता काय बांधतायत. चेष्टा मात्र करायचे नाहीत. आधी हात हवेत मोकळे फिरायचे, आता देवासमोर जोडल्यागत जपून हलायचे. मला ते बघवायचं नाही. मी मुद्दाम कुणाचा तरी फोन उघडून त्यात डोकं घालायची. गिऱ्हाइकं विचारायची, "काय करत्यात हो हे?" मी म्हणायची, "कॉल चालू हाय. दिसंना व्हय?"

पलीकडे चाचा बघतात का, याची मामांना शंका यायची. मधूनच हात थांबवून ते मला विचारायचे, "बघतोय का तो? का झोपलाय?" मी शबानाला मेसेज करायची. ती लिहायची, बघतायत. ती दर वेळी बघतायत असंच लिहायची. मी मामांना तसंच सांगायची. मी तिला कधी खोदून विचारलं नाही.

एका दुपारी मामा लवकर आले. त्यांचा फोन चार्ज होत नव्हता, भोकात कचरा अडकला होता. मी भिंग लावून सुईनं तो काढत होते. त्यांची घाई चालली होती. "आवरा की, वेळ झाली." तेवढ्यात माझा फोन वाजला. शबाना. मागं बायकांचा आवाज होता. ती जे सांगायला लागली ते मला पहिल्या शब्दाला कळलं. सकाळीच गेले होते. माती आजच द्यायची होती. ती म्हणाली, "अक्का, नरसय्याचाचांना तुमी सांगा. माझ्या तोंडाचं त्यांना कळत न्हाय, आणि मला आता बोलवंना."

मी एवढंच विचारलं, "माती किती वाजता?" आणि वर बघितलं तर मामा माझ्या ओठांकडे बघत होते. बहिऱ्या माणसापुढं फोनवर बोलताना तोंड लपवायचं असतं, हे एवढ्या वर्षांत मला कधी सुचलंच नव्हतं.

मी फोन ठेवला. सुई खाली ठेवली, डोळ्याचं भिंग काढलं. त्यांच्याकडे नीट तोंड केलं, नेहमीसारखं, उजेडात, आणि म्हटलं, "मामा, दस्तगीरचाचा..."

त्यांनी हात वर करून मला थांबवलं. त्यांचे डोळे माझ्या ओठांवरून हलत नव्हते, आणि त्यांना ते हलवताही येत नव्हते.

"असं समोर नको, अक्का," ते म्हणाले. "तिकडं तोंड करून सांगा."

मी वळले, आणि भिंतीकडं तोंड करून त्यांना सगळं सांगितलं.